हम हैं हॅपी: सहा तृतीयपंथीयांच्या बँडचं पहिलं गाणं कसं तयार झालं आणि गाण्यानंतर काय झालं?

जानेवारी २०१६ मध्ये यूट्यूबवर एक गाणं आलं. चाल सगळ्यांच्या ओळखीची होती, फॅरेल विल्यम्सच्या 'हॅपी'ची. शब्द हिंदी होते आणि गाणारे सहाही जण तृतीयपंथी होते.

गाण्याचं नाव 'हम हैं हॅपी' आणि बँडचं नाव 'सिक्स पॅक बँड'. भारतातला पहिला ट्रान्सजेंडर बँड अशी त्याची ओळख करून देण्यात आली. त्याच वर्षी जून महिन्यात या बँडच्या मोहिमेला फ्रान्समधल्या कान लायन्स महोत्सवात ग्रां प्री मिळाला. जाहिरात क्षेत्रात हा पुरस्कार ऑस्करसारखा मानला जातो.

आज दर जून महिन्यात आपल्या फीडवर कंपन्यांचे लोगो इंद्रधनुषी होतात. तृतीयपंथीयांवरच्या जाहिराती, रील्स, गाणी येतात, आपण शेअर करतो आणि जुलै उजाडला की विसरतो. 'हम हैं हॅपी' हे या प्रकारातलं भारतातलं सुरुवातीचं मोठं उदाहरण. ते येऊन बरीच वर्षं झाली आहेत. त्यामुळे असं एखादं गाणं नेमकं काय करू शकतं आणि काय करू शकत नाही, हे या एका गाण्यावरून नीट समजून घेता येतं.

थोडक्यात माहिती

गाणं: हम हैं हॅपी
प्रकाशन: जानेवारी २०१६, यूट्यूबवर
बँड: सिक्स पॅक बँड
सदस्य: आशा जगताप, भाविका पाटील, चांदनी सुवर्णकर, फिदा खान, कोमल जगताप आणि रवीना जगताप
संगीताची जबाबदारी: शमीर टंडन
निर्मिती: यशराज फिल्म्सची तरुण प्रेक्षकांसाठीची शाखा 'वाय-फिल्म्स'
प्रायोजक: हिंदुस्तान युनिलिव्हरचा चहा 'ब्रुक बाँड रेड लेबल'
मुख्य सन्मान: कान लायन्स २०१६, ग्लास विभागाचा ग्रां प्री

मूळ गाणं कोणतं होतं?

फॅरेल विल्यम्सचं 'हॅपी' हे 'डेस्पिकेबल मी २' या अॅनिमेशनपटासाठी तयार झालेलं गाणं. नोव्हेंबर २०१३ मध्ये ते सिंगल म्हणून स्वतंत्रपणे आलं. सिंगल म्हणजे पूर्ण अल्बमची वाट न पाहता एकट्याने बाजारात आणलेलं गाणं. २०१४ मध्ये ते अमेरिकेच्या बिलबोर्ड हॉट १०० यादीत सलग दहा आठवडे पहिल्या क्रमांकावर होतं.

त्याचा व्हिडिओ तब्बल २४ तासांचा होता. रस्त्यावर, पेट्रोल पंपावर, दुकानात वेगवेगळी माणसं या गाण्यावर नाचत राहतात, एवढीच त्याची कल्पना. ती इतकी सोपी होती की जगभरातल्या लोकांनी आपापल्या शहरात नाचून स्वतःच्या आवृत्त्या काढल्या. रील्स यायच्या कितीतरी आधीचा हा ट्रेंड.

पण हे नाचणं सगळीकडे बिनधोक नव्हतं. इराणमध्ये तेहरानच्या काही तरुण-तरुणींनी असाच व्हिडिओ केला, तर मे २०१४ मध्ये त्यांना अटक झाली. पुढे सप्टेंबरमध्ये त्यांना तुरुंगवास आणि ९१ फटक्यांची शिक्षा सुनावण्यात आली. ती स्थगित ठेवली गेली, पण मुद्दा जगाला कळला. आपण खूश आहोत हे चारचौघांत नाचून सांगण्याची मुभा सगळ्यांना सारखी नसते.

भारतात हेच गाणं तृतीयपंथीयांनी गाण्याला म्हणूनच वेगळा अर्थ आला. 'आमच्यावर दया करा' किंवा 'आम्हाला न्याय द्या' असं काही हे गाणं म्हणत नव्हतं. आम्ही आनंदात आहोत, असं ते सांगत होतं. पडद्यावर तृतीयपंथी म्हटलं की रडणं, शाप किंवा विनोद एवढंच पाहायची सवय असलेल्या प्रेक्षकांसाठी हे नवीन होतं.

बँड कसा तयार झाला?

'वाय-फिल्म्स' ही यशराज फिल्म्सची शाखा २०११ मध्ये 'लव्ह का द एंड' या सिनेमाने प्रेक्षकांसमोर आली. २०१५ मध्ये तिने 'मॅन्स वर्ल्ड' आणि 'बँग बाजा बारात' या वेबसीरिज थेट यूट्यूबवर आणल्या. तेव्हा वेबसीरिज हा शब्दच आपल्याकडे नवीन होता. या शाखेची सूत्रं आशिष पाटील यांच्याकडे होती.

संगीताची बाजू शमीर टंडन यांनी सांभाळली. मधुर भांडारकरांच्या 'पेज ३' आणि 'कॉर्पोरेट' या सिनेमांचं संगीत त्यांचंच. ऑडिशन घेऊन सहा जण निवडण्यात आले. तृतीयपंथी व्यक्तिरेखा साकारणारे सिनेनट नकोत, खरोखरच त्या समाजातले आवाज हवेत, ही या प्रकल्पाची मूळ अट होती. व्हिडिओच्या सुरुवातीला अनुष्का शर्माच्या आवाजात निवेदन येतं आणि त्यानंतर बँडचं गाणं सुरू होतं.

सदस्यांच्या यादीत जगताप आणि पाटील ही आडनावं दिसतात. गाणं हिंदी असलं तरी बँड मुंबईचा आणि आडनावं मराठी कानाला घरातली. ही माणसं कुठून तरी बाहेरून येतात, असा जो एक समज असतो, तो ही यादी वाचतानाच गळून पडतो.

या सहा जणांना गाणं पूर्णपणे नवीन होतं, असंही समजू नका. घरात मूल जन्मलं किंवा लग्न झालं की ढोलकीवर गाणी म्हणत 'बधाई' मागणं हा हिजडा समाजाचा जुना व्यवसाय. गुरूकडून चेल्याकडे जसे रीतिरिवाज येतात, तशी गाणीही येतात. नवीन होता तो स्टुडिओ, माइक आणि गाणाऱ्याचं नाव पडद्यावर छापून येणं.

नावात सहा का?

'सिक्स पॅक' म्हटलं की डोळ्यासमोर येतात जिममध्ये कमावलेले पोटाचे स्नायू. बँडमध्ये माणसंही सहाच. पण हिंदी आणि मराठी बोलणाऱ्याला सहा म्हटल्यावर आणखी एक शब्द आठवतो. 'छक्का'. शाळेच्या वर्गापासून क्रिकेटच्या मैदानापर्यंत कुणालाही हिणवायला सर्रास वापरली जाणारी ही शिवी आहे.

बँडच्या नावात तोच आकडा मिरवला जातो. जी गोष्ट तोंडावर फेकून मारली जाते, तीच पाटीवर लिहून टाकायची, असा हा प्रकार. काहींना ही कल्पना धाडसी वाटेल, काहींना खटकेलही. नाव ऐकल्यावर ती शिवी आठवणं आणि मग आपल्याला ती का आठवली याचा विचार करणं, हा या नावाचा परिणाम मात्र नक्की होतो.

टाळीचा अर्थ

मूळ 'हॅपी' गाण्यात श्रोत्याला टाळ्या वाजवायचं आवताण आहे. ठेका बराचसा टाळ्यांवर चालतो. ही चाल हिजडा समाजाच्या बँडने घेणं यात एक गंमत आहे आणि एक गंभीर गोष्टही आहे.

आपण टाळी वाजवतो तेव्हा दोन्ही हातांची बोटं साधारण एकाच दिशेला असतात. तृतीयपंथीयांची टाळी वेगळी असते. तळहात आडवे, बोटं पसरलेली, आवाज मोठा आणि सपाट. ती ओळखीची खूण असते. गर्दीत आपली माणसं शोधायला, राग दाखवायला, बधाईत ठेका धरायला आणि धोका वाटला तर लोकांचं लक्ष वेधायला ती वापरली जाते. लोकलच्या डब्यात ती ऐकली की मोबाइलमध्ये मान खाली घालणारे आपण सगळेच असतो. त्याच टाळीचा ठेका गाण्यात आला की आपले पाय हलतात.

गाणं-नाचणं गुन्हा होता तेव्हा

हे गाणं किती लांबचा रस्ता कापून आलं, ते कळण्यासाठी दीडशे वर्षं मागे जावं लागतं.

ब्रिटिश सरकारने १८७१ मध्ये गुन्हेगार जमाती कायदा केला. भटक्या-विमुक्तांवर जन्मजात गुन्हेगारीचा शिक्का मारणारा कायदा म्हणून महाराष्ट्राला तो माहीत आहे. त्याच कायद्याचा दुसरा भाग मात्र फारसा कुणाला माहीत नसतो. त्यात, कायद्याच्या भाषेत ज्यांना 'युनक' म्हटलं गेलं, त्यांची नोंदवही ठेवण्याची तरतूद होती.

त्या वहीत नाव असलेली व्यक्ती बाईसारखे कपडे किंवा दागिने घालून रस्त्यावर दिसली, सार्वजनिक ठिकाणी नाचली, वाद्य वाजवलं किंवा पैसे घेऊन कुणाच्या घरी कला सादर केली, तर वॉरंटशिवाय अटक करता येत असे. शिक्षा होती दोन वर्षांपर्यंतचा तुरुंगवास, दंड किंवा दोन्ही. मृत्युपत्र करण्यावर आणि मूल दत्तक घेण्यावरही बंदी होती. हा भाग सुरुवातीला उत्तर भारतातल्या काही प्रांतांत लागू झाला, पण त्याने तयार केलेली संशयाची नजर देशभर टिकली.

म्हणजे ज्या समाजाला पैसे घेऊन गाण्याबद्दल एकेकाळी तुरुंगाची भीती होती, त्याच समाजातल्या सहा जणांना देशातल्या बड्या कंपनीने गाण्यासाठी उभं केलं.

२०१६ मध्ये कायदा काय सांगत होता?

१५ एप्रिल २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने 'नालसा' खटल्याचा निकाल दिला. नालसा म्हणजे राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरण. न्यायमूर्ती के. एस. राधाकृष्णन आणि न्यायमूर्ती ए. के. सिकरी यांच्या खंडपीठाने तृतीयपंथीयांना कायदेशीर ओळख दिली. आपलं लिंग कोणतं हे ठरवण्याचा अधिकार व्यक्तीचा स्वतःचा आहे, असं स्पष्ट केलं. शिक्षण आणि नोकरीत त्यांना सामाजिक व शैक्षणिकदृष्ट्या मागास मानून आरक्षण द्यावं, असंही सांगितलं.

पण त्याच्या चारच महिने आधी, ११ डिसेंबर २०१३ रोजी, याच न्यायालयाने कलम ३७७ कायम ठेवलं होतं. समलैंगिक संबंधांना गुन्हा ठरवणारं हे कलम हिजडा समाजाला धमकावण्यासाठीही वापरलं जात असे. नालसाच्या निकालातही त्याची दखल आहे.

'हम हैं हॅपी' आलं ते या दोन निकालांनंतरच्या विचित्र काळात. कागदावर ओळख मिळाली होती आणि डोक्यावर ३७७ ची टांगती तलवार होती. गाणं आल्यानंतर महिन्याभरातच, २ फेब्रुवारी २०१६ रोजी, ३७७ चा प्रश्न पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाकडे पाठवण्यात आला. प्रौढांमधल्या संमतीच्या संबंधांना गुन्ह्याच्या कक्षेबाहेर काढणारा निकाल यायला ६ सप्टेंबर २०१८ उजाडला.

संख्येबद्दलही एक गोष्ट लक्षात ठेवायला हवी. २०११ च्या जनगणनेत पहिल्यांदाच स्त्री आणि पुरुष याशिवाय 'इतर' हा पर्याय मोजला गेला. देशभरात सुमारे ४ लाख ८८ हजार, तर महाराष्ट्रात सुमारे ४१ हजार जणांची नोंद त्यात झाली. ओळख लपवून जगणाऱ्यांचा विचार केला तर हा आकडा खऱ्या संख्येपेक्षा कमी असणार, हे उघड आहे.

चहाची कंपनी यात कुठून आली?

२०१४ पासून रेड लेबलच्या जाहिराती 'स्वाद अपनेपन का' या सूत्राभोवती फिरत होत्या. एका जाहिरातीत हिंदू जोडपं शेजारच्या मुस्लिम बाईंच्या घरी चहा प्यायला कचरतं आणि चहाच्या वासाने आत जातं, ती अनेकांना आठवत असेल. ज्यांच्याबद्दल मनात अढी आहे, त्यांच्यासोबत एक कप चहा घ्या, असा त्या मालिकेचा सूर होता. तृतीयपंथीयांचा बँड त्याच सूत्रात बसला.

या प्रकाराला 'ब्रँडेड कंटेंट' म्हणतात. टीव्हीवरची तीस सेकंदांची जाहिरात लागली की आपण चॅनेल बदलतो. यूट्यूबवर पाच सेकंद मोजून 'स्किप' दाबतो. मग कंपनीने विचार केला की लोक स्वतःहून पाहतील अशीच गोष्ट आपण बनवावी आणि तिच्या कोपऱ्यात आपलं नाव ठेवावं. गाणं पाहणाऱ्याला आपण जाहिरात पाहतोय असं वाटत नाही आणि ब्रँडचं नाव मात्र एका चांगल्या भावनेसोबत लक्षात राहतं.

यात लपवाछपवी नव्हती. बँडच्या नावाआधी प्रायोजकाचं नाव जोडलेलं असायचं. पण गाणं पाहताना हे दोन्ही हेतू डोक्यात ठेवायला हवेत. ते तृतीयपंथीयांना व्यासपीठ देत होतं आणि चहाही विकत होतं.

एक तांत्रिक संदर्भही महत्त्वाचा आहे. जिओची सेवा सप्टेंबर २०१६ मध्ये सर्वांसाठी सुरू झाली. म्हणजे हे गाणं स्वस्त डेटा येण्याच्या आठ महिने आधीचं. व्हिडिओ पाहायला तेव्हा पैसे मोजावे लागत आणि एखादा व्हिडिओ प्रामुख्याने यूट्यूब व फेसबुकवरूनच पसरत असे.

पडद्यावर याआधी काय दिसायचं?

'सडक' हा महेश भट यांचा १९९१ चा सिनेमा. त्यात सदाशिव अमरापूरकरांनी साकारलेली 'महारानी' ही कोठा चालवणारी तृतीयपंथी खलनायिका आजही लोकांना आठवते. या भूमिकेसाठी अमरापूरकरांना सर्वोत्कृष्ट खलनायकाचा फिल्मफेअर मिळाला. या विभागातला तो पहिलाच पुरस्कार होता. अभिनय म्हणून ती भूमिका जबरदस्तच होती. पण एका पिढीच्या मनात तृतीयपंथी म्हणजे भीती, हे समीकरण पक्कं करण्यात तिचाही वाटा आहे.

१९९७ मध्ये आलेल्या 'तमन्ना'त परेश रावलांनी मुलीला वाढवणाऱ्या तृतीयपंथीयाची भूमिका केली आणि सहानुभूतीचा सूर आला. तिथेही भूमिका करणारा नट समाजाबाहेरचा होता. बाकीच्या सिनेमांत पाच मिनिटांचा विनोद, एखादं गाणं आणि संपलं.

या पार्श्वभूमीवर सहा जणांनी आपल्या खऱ्या नावाने, आपल्या आवाजात गाणं ही साधी गोष्ट राहत नाही.

गाण्याचं स्वागत कसं झालं?

'हम हैं हॅपी'ची बातमी देशातल्या आणि बाहेरच्या माध्यमांनीही दिली. पाठोपाठ बँडची आणखी गाणी आली. 'सब रब दे बंदे'मध्ये सोनू निगमने त्यांच्यासोबत आवाज दिला. 'ए राजू'मध्ये हृतिक रोशन त्यांच्यासोबत दिसला. मोठे कलाकार आल्यावर बँडची बातमी मनोरंजनाच्या पानांवर गेली आणि एरवी असा विषय न वाचणाऱ्यांपर्यंत पोहोचली.

जून २०१६ मध्ये कान लायन्समध्ये 'ग्लास' विभागाचा ग्रां प्री 'सिक्स पॅक बँड'ला मिळाला. लिंगभेदाला छेद देणाऱ्या कामासाठी हा विभाग २०१५ मध्ये सुरू झाला होता. पहिल्या वर्षीचा ग्रां प्रीही भारतालाच मिळाला होता. मासिक पाळीतल्या शिवाशिवीवर बोट ठेवणाऱ्या व्हिस्परच्या 'टच द पिकल' मोहिमेसाठी. लोणच्याला हात लावू नको हे वाक्य मराठी घरांत नव्याने सांगायला नको.

पुरस्काराच्या नोंदीत नाव असतं ते एजन्सीचं आणि ब्रँडचं. इथे ती एजन्सी होती 'माइंडशेअर मुंबई'. जाहिरात महोत्सवांची पद्धतच तशी आहे, त्यात कुणी काही वेगळं केलं नाही. पण या गाण्याबद्दलचा सगळ्यात अवघड प्रश्न इथूनच सुरू होतो.

आक्षेप काय असू शकतात?

अशा मोहिमांवर साधारण तीन प्रकारचे आक्षेप घेतले जातात. 'हम हैं हॅपी'लाही ते लागू होतात.

पहिला आक्षेप कामाचा. तृतीयपंथीयांना गाणं-नाचणं हेच काम समाजाने आधीपासून ठरवून दिलं आहे. बँडनेही तेच काम दिलं, फक्त मंच मोठा केला. बँकेत, शाळेत, दवाखान्यात ते दिसतील का, हा प्रश्न गाण्याने सुटत नाही.

दुसरा आनंदाचा. 'आम्ही खूश आहोत' हे ऐकायला प्रेक्षकाला आवडतं, कारण त्यात त्याच्यावर काहीच जबाबदारी येत नाही. घरमालक खोली देत नाही, पोलीस तक्रार घेत नाहीत, हे गाण्यात आलं असतं तर तितकंच शेअर झालं असतं का?

तिसरा मुदतीचा. मोहीम संपते. या प्रकल्पाचं पुढचं पर्व, 'सिक्स पॅक बँड २.०', विशेष गरजा असलेल्या मुलांना घेऊन आलं. तो विषयही मोलाचाच. पण ब्रँडच्या दृष्टीने विषय बदलतो आणि समाजाच्या दृष्टीने प्रश्न तिथेच राहतो.

याला उत्तरही आहे. सहा आवाजांना नाव मिळालं, ते देशभर ऐकले गेले. घरात ओळख लपवून बसलेल्या एखाद्या मुलाला किंवा मुलीला आपल्यासारखं कुणीतरी मोबाइलवर हसताना, गाताना दिसलं. त्याचं मोल आकड्यांत मांडता येत नाही, पण ते शून्य नक्कीच नाही.

गाण्यानंतरचं काम: कोचीपासून विक्रोळीपर्यंत

नोकरीचा प्रश्न प्रत्यक्षात कसा असतो, ते २०१७ मध्ये केरळमध्ये दिसलं. कोची मेट्रोने २३ तृतीयपंथीयांना कामावर घेतलं. देशभर कौतुक झालं. पण महिनाभरातच आठ जणांनी काम सोडलं. कारण शहरात त्यांना भाड्याने खोलीच मिळत नव्हती. लॉजचं भाडं पगारात परवडत नव्हतं. काम देणारा तयार होता, घरमालक तयार नव्हता.

हाच धागा पुढे मुंबईत, विक्रोळीत सापडतो. 'हम हैं हॅपी'च्या मागे असलेल्या दोन्ही कंपन्या, यशराज आणि हिंदुस्तान युनिलिव्हर, अंधेरीतल्या. तिथून जोगेश्वरी-विक्रोळी लिंक रोडने पूर्वेला आलं की गोदरेजची वसाहत लागते. या परिसरात परमेश शहाणी यांनी २०११ मध्ये 'गोदरेज इंडिया कल्चर लॅब' सुरू केली होती. डिसेंबर २०१८ मध्ये, ३७७ च्या निकालानंतर तीनच महिन्यांनी, या लॅबने एक दस्तावेज प्रसिद्ध केला. भारतातल्या कामाच्या ठिकाणी तृतीयपंथीयांना कसं सामावून घ्यावं याचा तो जाहीरनामा होता.

त्याला ना चाल होती ना ठेका. त्यात होत्या कंटाळवाण्या वाटणाऱ्या, पण रोज आडव्या येणाऱ्या गोष्टी. भरती करताना काय बदलायचं, स्वच्छतागृहाची सोय कशी करायची, सहकाऱ्यांना आधी काय समजावून सांगायचं, कंपनीच्या नियमांची भाषा कशी सुधारायची. गाणं पाहून 'यांना नोकरी मिळायला हवी' असं ज्या अधिकाऱ्याला वाटलं, त्याने सोमवारी ऑफिसला जाऊन काय करायचं, त्याचं उत्तर अशा कागदात असतं.

विक्रोळीतच या प्रश्नाची दुसरी बाजूही दिसते. कन्नमवार नगर ही म्हाडाची जुनी वसाहत. तिथल्या इमारतींचा पुनर्विकास होऊन टॉवर उभे राहत आहेत. चार मजली इमारतीत जिना चढून थेट दारात बधाई मागता येते. टॉवरच्या गेटवर वॉचमन, नोंदवही आणि मोबाइल अॅप असतं. जुना व्यवसाय असा हळूहळू बंद होतो, तेव्हा नवीन काम मिळणं ही चैन उरत नाही. ते मिळालं नाही तर सिग्नलच उरतो.

सरकारी पातळीवर काय बदललं?

ट्रान्सजेंडर व्यक्ती (हक्कांचे संरक्षण) कायदा २०१९ मध्ये संसदेत मंजूर झाला आणि १० जानेवारी २०२० पासून लागू झाला. शिक्षण, नोकरी, घर आणि आरोग्यसेवेत भेदभाव करायला त्याने मनाई केली. मात्र ओळखपत्रासाठी जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करण्याची अट आणि लैंगिक अत्याचारासाठी ठेवलेली सहा महिने ते दोन वर्षांची तुलनेने सौम्य शिक्षा, यावर समाजातूनच जोरदार टीका झाली.

महाराष्ट्रात डिसेंबर २०२२ मध्ये पोलीस भरतीचा प्रश्न मुंबई उच्च न्यायालयात गेला. अर्जात स्त्री आणि पुरुष एवढेच पर्याय होते. न्यायालयाने खडसावल्यावर तृतीयपंथीयांसाठी तिसरा पर्याय ठेवण्याची आणि शारीरिक चाचणीचे नियम ठरवण्याची तयारी राज्य सरकारला दाखवावी लागली. नालसाच्या निकालाला तेव्हा आठ वर्षं उलटून गेली होती. अर्जातला एक चौकोन वाढवायला एवढा वेळ लागला.

मग या गाण्याचं मोजमाप कसं करायचं?

व्ह्यूज मोजून ते होणार नाही. पुरस्कार मोजूनही नाही. 'हम हैं हॅपी'ने लोकांच्या नजरेत एक फट पाडली, हे मान्य करायला हवं. त्या फटीतून आत जाण्याचं काम मात्र वकिलांनी, कार्यकर्त्यांनी, भरतीचे अर्ज भरणाऱ्या उमेदवारांनी आणि आपल्या ऑफिसचे नियम बदलणाऱ्या काही मोजक्या लोकांनी केलं. गाणं चार मिनिटांचं असतं. ही कामं वर्षानुवर्षं चालतात आणि त्यांचा व्हिडिओ कुणी बनवत नाही.

पुढच्या वेळी अशी एखादी मोहीम तुमच्या फीडवर आली तर ती जरूर बघा, आवडली तर शेअरही करा. त्याआधी तीन गोष्टी मात्र तपासून पाहा. ज्यांच्याबद्दल ती आहे, ते त्यात स्वतः आहेत का आणि त्यांची नावं दिली आहेत का? त्या कंपनीत त्या समाजातलं कुणी कामाला आहे का? आणि मोहीम संपल्यावर त्या कंपनीने त्या विषयावर पुन्हा काही केलं का?

पहिल्या प्रश्नावर 'हम हैं हॅपी' चांगल्या गुणांनी पास होतं. सहाही नावं वर दिली आहेत. निदान ती तरी लक्षात ठेवा.